तिचं रीळ

सोलापुरात मूकपट निघायचे तेव्हा पडदे मी रंगवायचो, कॅमेरा मी फिरवायचो, फिल्मही मीच धुवायचो. एकदा राणीचं काम करणारी बाई आली नाही, म्हणून बायकोला शालू नेसवून पाठमोरी उभी केली. ती म्हणाली, "तोंड दाखवा की माझं! एवढी वंगाळ हाय का मी?" मग तिला कॅमेऱ्याकडं वळू दिलं. ती हसली.

पुढं बोलपट आले. कंपनीच्या मालकानं जुनी रिळं सोड्याच्या गरम पाण्यात घासायला लावली. चित्र निघून गेलं की कोरी पट्टी बांगडीवाले बांगड्या करायला न्यायचे. तिचं रीळ मीच घासलं. माणूस घरात होतं, चित्राचं काय, असं वाटलं.

परवा तिच्या तेराव्याला हार घालायला फोटो नव्हता. पाटावर तिचं लुगडं ठेवलं.