उत्तमकाकांनी आणलेली चाकं

उत्तमकाकांकडे वाटीभर खीर पाठवली, तर दुसऱ्या दिवशी ती वाटी कधी रिकामी परत यायची नाही. तिच्यात भाजलेले बोंबील तरी असत, नाहीतर चार पेढे. लग्न होऊन मी नायगावच्या बीडीडी चाळीत आले, तेव्हा मला वाटलं होतं, माणूस हौशी आहे. मग ध्यानात आलं, की चाळीत कुणाच्याही घरी काही जड उचलायचं असलं, रात्री दवाखान्यात बसायचं असलं, की हे बोलावण्याआधी हजर असत, आणि चहा पुढे केला की अर्धाच पीत. हौस अशी नसते.

उत्तमकाका म्हणजे माझ्या सासऱ्यांचे धाकटे भाऊ. सासऱ्यांचं नाव राजाराम, पण भाऊ दादा म्हणायचा म्हणून घरात सगळेच दादा म्हणत, मीसुद्धा. दोघं एकाच गिरणीत, सूत कातायच्या रिंगखात्यात. ब्याऐंशीचा संप झाला तेव्हा दादा पुढे होते. गेटसभा, मोर्चे, चाळीचाळीतून धान्य गोळा करणं. काका त्यांच्या मागे पिशवी धरून. वर्ष होत आलं आणि एका सकाळी काका बंद टेम्पोत बसून मागच्या गेटाने कामावर गेले. का गेले ते त्यांनी कधी सांगितलं नाही, आणि दादांनी विचारलं नाही. आत गेल्यावर साहेबांनी त्यांना उभं केलं ते दादांच्याच मशीनवर. संध्याकाळपर्यंत ही बातमी अख्ख्या चाळीत झाली होती.

दादांना पुन्हा कामावर घेतलं नाही. ते दादरला एका सोसायटीत वॉचमन झाले, आणि म्हातारे होईपर्यंत वॉचमनच राहिले. काका गिरणी बंद पडेपर्यंत त्याच मशीनवर होते, आणि बंद पडताना मिळाले ते पैसेही त्यांना मिळाले.

भांडण असं काही नव्हतं. दादा वरच्या मजल्यावर, काका खालच्या. जिन्यात गाठ पडली की "काय?" "काही नाही," एवढं व्हायचं. पण दादांनी काकांच्या खोलीत कधी पाणी प्यायलं नाही आणि त्यांच्या हातचं काही घेतलं नाही; वाटीतून आलेलं आम्ही बाकीचेच खायचो. आंब्यांची पेटी वर आली तशी खाली गेली. काकांची बायको शेवंताकाकू गेल्या तेव्हा दादांनी खांदा दिला, पण चहा प्यायला ते आपल्या घरी आले. काकांची एकुलती मुलगी कल्याणला दिलेली. त्यानंतर काका खाली एकटेच असत.

माझा नवरा सुगत तेव्हा एका कंपनीच्या साहेबांना आणण्या-सोडण्याचं काम करायचा. त्याने कर्ज काढून जुनी, डिकीवाली छोटी गाडी घेतली होती. शीवच्या बाजूला रस्ता खोदला होता, तिथे अंधारात ती खड्ड्यात आपटली आणि चाकांच्या रिमा वाकल्या. चिंचपोकळीला बाबुरावांचं चाकांचं गॅरेज. त्यांनी ठोकून ठोकून सरळ केल्या, तरी साठच्या पुढे गेलं की स्टिअरिंग थरथरायचं.

"आता नाही ठोकणार मी," बाबुराव म्हणाले. "उद्या रिम तडकली तर माझं नाव घेशील. दुसऱ्या आण."

त्यात राधाआत्याच्या मुलीचं, बकुळाचं लग्न महाडजवळ गावी ठरलेलं. राधाआत्या दादा आणि काकांच्या पाठची बहीण. दोन्ही मामा लग्नाला जाणारच होते, पण नेहमीच्या रीतीने. दादा आमच्याबरोबर, काका दुसऱ्या दिवशी एकटे एसटीने.

रिमांचं काकांच्या कानावर गेलं. संध्याकाळी दादा कामावर गेल्याचं बघून ते वर आले आणि उंबऱ्यापाशीच बसले.

"सुगत, चाकं मी घेणार."

"काका, कशाला? होईल काहीतरी."

"होईल काय? त्याच गाडीतून दादा जाणार ना गावाला? मग चाकं मी घेणार. तू दादाला सांगू नको."

"न सांगता राहणार आहे का? ते काय आंधळे आहेत?"

"बघू दे. गाडीला लागलेलं चाक काय तो परत पाठवणारे?" असं म्हणून काका हसले. हसले आणि लगेच जिन्याकडे बघितलं.

बाबुरावांनी सुगतला तीन गोष्टी बजावून सांगितल्या होत्या. नटांची चार भोकं बरोबर त्याच अंतरावर हवीत. मधलं मोठं भोक गाडीच्या हबवर, आसाच्या टोकावर, घट्ट बसायला हवं, सैल नको. आणि रिम जितकी आत बसते तितकीच बसली पाहिजे, बाहेर सरकली तर लोड पडल्यावर टायर मडगार्डला लागतो. जमलं तर कंपनीच्या मापाची साधी लोखंडीच घ्या, असंही म्हणाले होते.

सुगतला रजा नव्हती, म्हणून काकांबरोबर मी गेले. ऑपेरा हाऊसकडच्या दुकानांत भिंतभर चाकं टांगलेली. काकांनी जुनी रिम गोणपाटात गुंडाळून खांद्यावर आणलेली. त्यांनी खिशातून सुतळी काढली, जुन्या रिमवर धरली, नव्यावर धरली. चार भोकं जुळली. मधलं भोकही जुळलं. दुकानदाराने लोखंडी रिम पुढे केली तर काकांनी हातसुद्धा लावला नाही.

"काळी? ही दिसणार कुठे? वर टोपी घातली की झालं."

"काका, बाबुराव म्हणाले होते..."

"सूनबाई, दादा बसणार आहे त्या गाडीत." जणू एवढ्यात सगळं आलं.

शेवटी चंदेरी मॅगव्हील ठरली, पाच पाकळ्यांची, एका मापाने मोठी आणि जरा रुंद, नव्या टायरांसकट. दुकानदार म्हणाला, "थोडी बाहेर येतील, पण लूक बघा ना काका. आणि चालली नाहीत तर घेऊन या, घासलेली नसली तर बदलून देईन." बाहेर येतील म्हटल्यावर काकांचा चेहरा आणखी खुलला. जितकी बाहेर, तितकी दिसणार. पैसे देताना त्यांनी माझ्याकडे पाठ फिरवली.

बाबुरावांनी चाकं बसवली, पण त्यांना ती पटली नव्हती. त्यांनी टायर आणि मडगार्डच्या मधे बोटं घातली. "रिकामी आहे तोवर ठीक. मागे तीन मोठी माणसं बसवा, डिकीत सामान भरा, आणि वळणावर घ्या. मग मला सांगा."

गाडी चाळीखाली येऊन उभी राहिली. चाकं अशी चमकत होती, की शेजारच्या पोलीस वसाहतीतली मंडळीसुद्धा बघायला आली. दादा ड्यूटीवरून आले, गाडीला एक फेरी मारली आणि वर येऊन चपला काढल्या.

"कुणी आणली?"

माझ्या सासूबाई, तुळसाबाई, धीराच्या. त्या म्हणाल्या, "चाकं आहेत. चाकांना कुणाचं नाव असतं का?"

"गिरणीच्या पैशाची चाकं आहेत ती," दादा म्हणाले. "मी एसटीने जाईन."

पुढे बोलणं झालं नाही. खाली काकांना हे कळलं असणारच, चाळीच्या भिंतींतून काय कळत नाही? दोन दिवस ते दिसले नाहीत. तिसऱ्या दिवशी पाणी भरताना मी हाक मारली तर म्हणाले, "चुकलंच माझं. मी दिलं म्हणून त्याला आता हाडं मोडत एसटीने जावं लागणार. मी काही केलं की असंच होतं बघ."

रविवारी सुगतने गाडीचा लोड बघायचं ठरवलं. डिकीत तांदळाची गोण आणि भांडी भरली. सासूबाईंना गाडी लागते, त्या पुढेच बसणार. मागे मी, आणि वजनाला म्हणून उत्तमकाका. तरी एक माणूस कमी. शेजारी गणपतरावांकडे विचारलं तर ते बाजारात गेलेले.

सुगतने खालूनच हाक दिली. "दादा! जरा खाली या!"

"कशाला?"

"वजन हवंय!"

गॅलरीत दादांचं डोकं आलं. "मला काय गोण समजतोस?"

"गोण डिकीत टाकलीय. तुम्हाला सीटवर बसवतो."

खालची दोनचार पोरं हसली. दादाही हसले असावेत, कारण ते उतरले. दार उघडलं आणि त्यांना पलीकडे काका दिसले. काका लगेच दुसऱ्या दाराची कडी चाचपायला लागले. "मी उतरतो. सुगत, दुसऱ्या कुणाला तरी..."

"बस," दादा म्हणाले. "वजनच बघायचंय ना."

मी दोघांच्या मधे. वीस वर्षांत ते एका बाकावर बसले नव्हते, आणि आता मधे फक्त मी होते. डावीकडून दादांच्या शर्टाला इस्त्रीचा वास, उजवीकडे काका दाराला इतके चिकटलेले, की माझ्या बाजूला हातभर जागा मोकळी.

सरळ रस्त्यावर काही नाही. नायगावच्या क्रॉस रोडला सुगतने वळवली आणि मागून घर्रर्र आवाज आला. पुढच्या वळणावर पुन्हा. रबर जळल्याचा वास आला. सुगतने गाडी बाजूला घेतली आणि वाकून बघितलं. मडगार्डच्या कडेने टायरवर चर उमटला होता.

"एकेक जण उतरून बघू या," तो म्हणाला.

आधी दादा उतरले. वळण घेतलं, आवाज नाही. मग दादा बसले, काका उतरले. आवाज नाही. मग मी उतरले आणि ते दोघं राहिले. मी फूटपाथवर उभी होते, तिथपर्यंत घासल्याचा आवाज आला. दोघंही गिरणीकामगारांच्या हाडापेराचे, आडवे. मी मधे असले-नसले तरी काही फरक पडत नव्हता.

गाडी परत येऊन थांबली. काका आधी उतरले. त्यांच्या चेहऱ्यावर सुटल्यासारखं काहीतरी होतं.

"म्हणजे काय बिघडलं नाही," ते सुगतला म्हणाले, पण ऐकवत होते दादांना. "मी नसलो की घासत नाही. मी तसाही या गाडीत कुठे बसणारे? मी एसटीने जातो ते बरंय. चाकं राहू देत. दादा, तू आरामात जा गाडीने. खड्डेबिड्डे काही कळणार नाहीत बघ. माझं काय..."

"काढ ही चाकं," दादा म्हणाले.

काका थांबले. मान खाली. "बरं."

"दुसरी आण."

"दुसरी?"

"लोखंडी. साधी. तीन माणसं मागे बसली तरी घासणार नाहीत अशी." दादा अजून सीटवरच होते, दार उघडं, एक पाय बाहेर. "राधाच्या पोरीचे मामा दोघं. एक आज उतरतो, एक उद्या. राधाने मागच्या खेपेला मला विचारलं, दादा, तुम्ही काय पाळीने येता का? मी काय सांगू तिला?"

काका टायरपाशी वाकले. टायरवरच्या चरावरून ते बोट फिरवत राहिले. "पण हा घासला आता. दुकानदार परत घेणार नाही."

"मग ठेव तुझ्या खोलीत. लग्नाचा आहेर म्हणून बकुळाला नको देऊ म्हणजे झालं."

सासूबाई पुढच्या सीटवरून खुदकन हसल्या. काकांनी हसायचा प्रयत्न केला.

"दादा, मी त्या वेळेला..."

"नको," दादा म्हणाले. "मी विसरलेलो नाही, आणि तू सांगितलंस म्हणून विसरणारही नाही. मला ते ऐकायचं नाही. तू गाडीत बस."

दुसऱ्या दिवशी लोखंडी रिमा आल्या. काळ्या, कंपनीच्या मापाच्या. बाबुरावांनी बोटं घालून बघितली आणि मान हलवली. चंदेरी चाकं काकांच्या खोलीत पलंगाखाली गेली.

लग्नाच्या आदल्या पहाटे निघालो. सासूबाई पुढे, हातात लिंबू. मागे दादा, मी आणि काका, आणि डिकीत लग्नातल्या बुद्धवंदनेसाठी सगळ्यांच्या पांढऱ्या कपड्यांच्या पिशव्या. पनवेल सोडलं, घाटाची वळणं सुरू झाली. गाडी गपगुमान चालली होती. कुठे काही घासत नव्हतं. माझं लक्ष काकांकडे गेलं. ते सीटच्या कडेला बसले होते, पाठ न टेकता. दारावरची कडी त्यांनी दोन्ही हातांनी धरलेली, आणि वळण आलं की स्वतःला जरा वर उचलून धरत होते.

सुगतने आरशात बघितलं. "काका, टेकून बसा की. आता नाही लागत टायर."

"हो हो. बसलोय."

"अरे बस नीट," दादा म्हणाले. "सीट काय तापलीय?"

काका मागे सरकले. पाठ टेकली. दादांनी खिडकीला डोकं लावलं आणि डोळे मिटले. पुढचं वळण आलं तेव्हा मी बघितलं. काका पुन्हा पुढे सरकले होते आणि कडी धरलेल्या हातांच्या शिरा ताठ झाल्या होत्या.