सर्जादादाचं पुसलेलं वाक्य

हे मी लिहावं का, याची मला अजून खात्री नाही. पुरवणीत असे लेख लिहिणारी माणसं नावाजलेली असतात आणि ज्यांच्यावर ती लिहितात तीही. माझ्या घरात माझ्याआधी कुणी कॉलेजची पायरी चढलेलं नाही, आणि ज्याच्यावर लिहितोय तो दुधाचा टेम्पो चालवणारा पडेल पैलवान होता. शब्द चुकले, जास्त झाले, तर वाचकांनी सांभाळून घ्यावं. पण ‘एक दिवस छापून यील असं लिही,’ हे त्यानेच मला बजावून ठेवलं होतं. ते का, हे पुढे कळेल.

मी पुण्यात बी.ए.च्या शेवटच्या वर्षाला आहे. कॉलेजच्या लायब्ररीत बसलो असताना आमच्या गावाच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर मेसेज आला, ‘सर्जा पैलवान गेला. शितळाई कोपली.’ खाली हात जोडल्याच्या खुणांची रांग लागली होती. मी घरी फोन केला. आई नुसती रडत होती. वडील म्हणाले, तिन्हीसांजेला मंचरहून येताना रस्त्यावर पडलेला सापडला, डोकं फुटलेलं. पोलिसांनी अज्ञात वाहन लिहिलंय. मग आवाज खाली आणून म्हणाले, “गाव म्हणतंय देवीनं नेला.”

सर्जेराव माझा चुलतभाऊ, माझ्याहून बराच मोठा. त्याचं जगणंच मारामारीचं होतं. दोन्ही कान कुस्तीत चुरगाळून भज्यांसारखे झालेले. यात्रेच्या आखाड्यात पंचाने निकाल उलटा दिला म्हणून त्याने पंचालाच खांद्यावर घेऊन हलगीवाल्यांच्या अंगावर टाकलं होतं. घरातही तसाच. रागावला की ताट भिंतीवर जायचं, आणि मग स्वतःच खाली बसून भात वेचायचा. त्याची मला भीती वाटायची. खरं सांगायचं तर शेवटपर्यंत वाटली.

एका कुस्तीत त्याचा गुडघा मोडला. आवाज आखाड्याबाहेर ऐकू आला होता. महिनोनमहिने खाटेवर पडून होता आणि उशाला क्ष-किरणांची फिल्म. ती उजेडात धरून तो तासन् तास बघायचा. “हे हाड दिसायचं यंत्र पयलं कुणी काढलं असंल रं?” असं विचारून त्याने फोनवर मराठी ज्ञानकोश उघडला. हा ज्ञानकोश इंटरनेटवर फुकट आहे आणि कुणीही त्यात लिहू शकतं. पगार नाही, लेखावर नाव नाही. क्ष-किरणांवर तिथे दोन ओळी होत्या आणि त्यातली एक चूक होती. दादाने फोन भिंतीवर आपटला. नवी काच बसवून आणली आणि लिहायला बसला.

तिथे एक नियम आहे. प्रत्येक वाक्याला छापील आधार पाहिजे. तो नसेल तर दुसरा कुणी संपादक येऊन वाक्यापुढे ‘संदर्भ हवा’ अशी पाटी लावतो आणि आधार मिळालाच नाही तर वाक्य जातं. दादाच्या पहिल्या लेखात अशा पाट्याच पाट्या लागल्या. लावणाऱ्या संपादकाला त्याने चर्चेच्या पानावर जाहीर आव्हान दिलं, ‘आमच्या यात्रेला या. निकाली कुस्ती होऊन जाऊ द्या.’ उत्तर आलं, ‘जरूर आले असते. पण मी निवृत्त शिक्षिका आहे आणि माझेही गुडघे गेले आहेत.’ दादा दिवसभर तोंड लपवून बसला. मग त्याने लिहिलं, ‘बाई, चुकलं.’ तेव्हापासून त्या त्याच्या वस्ताद झाल्या. सूक्ष्मदर्शक, तापमापक, हिवतापाचं औषध... विज्ञानाच्या इतिहासावरचे कितीतरी लेख त्याने दुधाच्या दोन फेऱ्यांमधल्या वेळात, टेम्पोच्या स्टिअरिंगवर फोन टेकवून लिहिले. इंग्रजी अडलं की मला फोन यायचा. “काय रं कॉलेज, ह्या शब्दाचा अर्थ सांग. न्हाई येत? मग फी कशापाई भरतो, राव?” मला खरंच यायचा नाही. मग आम्ही दोघं मिळून डिक्शनरी बघायचो.

खोडदच्या रेडिओ दुर्बिणीच्या मोठ्या अँटेना रस्त्यावरून दिसायला लागल्या की तो टेम्पोचा वेग कमी करायचा. म्हणायचा, “ह्या लांबच्या ताऱ्यांचं ऐकत्यात. अन् आपल्याला शेजारच्या आत्याचं ऐकू येत न्हाई.” सोनाआत्याचं त्याला ऐकू आलं, तिथूनच सगळं सुरू झालं.

आमच्या गावाबाहेर शितळाईच्या देवळाकडे जाताना दगडांचा एक ढीग आहे. त्याखाली भूत पुरलंय असं म्हणतात. जाणाऱ्याने एक दगड टाकायचा, म्हणजे घरात ताप येत नाही. शाळेत जाताना आम्ही सगळ्यांनी टाकलेत. दादा तर दोन टाकायचा, एक माझ्या वाटचा. ज्ञानकोशात लिहायला लागल्यावर तो एकदा देवीच्या लशीवर लेख लिहीत होता. देवी हा रोग आला की अंगभर फोड यायचे आणि पोरं पटापट जायची, म्हणून दंडावर लस टोचत. सोनाआत्या आमच्या पणजोबांची मुलगी, नव्वदीला टेकलेली, तोंडावर देवीचे व्रण आणि एक डोळा गेलेला. दादाने तिला सहज विचारलं, “आत्या, तुला लहानपणी लस टोचली न्हाई का?”

सुट्टीत घरी आलेला मी तिथेच होतो. आत्या शेळीला पाला घालत होती. म्हणाली, “टोचणार कोण? टोचणारा त्या ढिगाखाली हाय न्हवं का.”

मग ती सांगत गेली. जुन्नरकडून एक टोचणारा यायचा, घाटघरपर्यंत पायी हिंडायचा. आमच्या गावात आला तेव्हा लोक म्हणाले, देवीच्या अंगाला सुई लावतो, गाव बुडंल. त्याला देवळापासून पळवत नेलं. लशीची पेटी हातातून सोडत नव्हता. पडला. “पयला धोंडा माज्या बापानं घातला. तोंडावर. मग समद्यांनी. मेल्यावर बी थांबले न्हाईत, अंग झाकस्तोवर टाकत व्हते. मी झाडामागून बघितलं. फुडच्या साली मला देवी आल्या, भाऊ गेला, ह्यो डोळा गेला... बाप म्हणला, भुतानं केलं.”

दादा घरी आला आणि त्याने हातातली किटली अंगणात फेकून दिली. त्याच संध्याकाळी लेखात एक वाक्य घातलं की, पुणे जिल्ह्यातल्या एका गावात लस टोचणाऱ्याला गावकऱ्यांनी दगडांनी ठार मारलं. गावाचं नाव घातलं नव्हतं, मीही इथे घालत नाही. पण त्याने ते कौतुकाने चार जणांना दाखवलं, आणि ग्रुपवर कुणीतरी त्या वाक्याचा फोटो टाकला.

दोन दिवसांनी ढिगाजवळ त्याला आठ-दहा जणांनी अडवलं. मी टेम्पोत शेजारी होतो. पुढे होता बबन, दादाचा तालमीतला जोडीदार. “गावाला खुनी म्हणतो व्हय रं? सोताच्या पणजाला खुनी म्हणतो?” दादा म्हणाला, “म्हणतो. तुजाबी व्हता त्यात.” पहिली काठी दंडावर बसली. त्याने दोघांना उचलून आपटलं, पण गुडघ्याने दगा दिला आणि तो ढिगावरच पडला. मग लाथा, काठ्या, कुणाच्या हातात ढिगातलाच दगड. मधे गेलो तर मला कानाखाली बसली, मी खाली. दादाच्या तोंडातून रक्त येत होतं आणि तो हसत होता. “अरं, तसाच! आगदी तसाच धरलाय दगड!” बबनने त्या माणसाच्या हातातून दगड काढून घेतला. म्हणाला, “र्‍हाऊ द्या. ह्याला देवीच बघून घील.”

दादाचा उजवा हात मोडला होता. दुसऱ्या दिवशी त्याने डाव्या हाताने ज्ञानकोश उघडला आणि ते वाक्य स्वतःच पुसलं.

मी आयुष्यात पहिल्यांदा त्याच्यावर ओरडलो. “दादा, गाव म्हणेल घाबरलास!”

“म्हणू दे. बाईंनी पाटी लावली व्हती, संदर्भ हवा. लई मागं-फुडं बघितलं, छापील कायच न्हाई. आत्या डोळ्यानं बघितलेली, पर ती काय पुस्तक न्हाई.”

“पण खरं आहे ना ते?”

“खरं हाय म्हणून तर नियमात बसाय पायजे. दुसऱ्याची वाक्यं मी ह्याच नियमानं आपटली. आपल्या घरच्या वाक्याला सूट?” त्याने डाव्या हाताने फोन माझ्याकडे सरकवला. “तू शिकतोयस ना? एक दिवस छापून यील असं लिही. आत्याचं नाव घालून लिही. मग बसव वाक्य परत.”

आत्या उन्हाळ्यात गेली. मी लिहिलं नाही, धीरच होत नव्हता. आणि मग दादा गेला, आणि गावाला त्याच्यासाठीही एक गोष्ट सापडली. ढिगावर आता दगड जास्त पडतात म्हणे. पुढे पोरं सांगतील, इथे एक पैलवान देवीला उलट बोलला आणि जागच्या जागी मेला. अशी गोष्ट कशी तयार होते ते मी या वेळी डोळ्यांदेखत पाहत होतो आणि माझ्याकडे पुसायलाही काही नव्हतं. ज्ञानकोशातल्या बाईंना कळवलं. त्यांनी विचारलं, ‘कशाने गेले?’ मी ‘अपघात’ असं लिहिलं आणि थांबलो. मला तरी कुठे माहीत होतं? अज्ञात वाहन, एवढंच.

हा लेख मी तिथेच संपवला होता. पाठवणार त्या दिवशी, दुपारी मेसमध्ये जेवताना, बबनचा फोन आला. मी उचलणार नव्हतो.

“जेवतो का? जेव आदी,” तो म्हणाला. मग विचारलं, “तू सर्जावर लिहितोय म्हणं. काय लिवलं, कशानं गेला?”

“अज्ञात वाहन.”

“ट्रॅक्टर व्हता. उसाच्या दोन ट्रॉल्या, रस्त्यात हुब्या, मागं एक दिवा न्हाई. त्यो टेम्पो नीट कराय ठिवून मोटरसायकलवर येत व्हता. दिसलं न्हाई त्याला.”

माझ्या तोंडून दादाचाच प्रश्न निघाला. “कशावरून? कुणी पाहिलं?”

“म्या. ट्रॅक्टर आमच्या थोरल्या भावाचा, अण्णाचा. मी मडगार्डवर बसलेलो. अण्णा म्हणला, चल, निघू. मी उतरलो, त्याचं डोकं मांडीवर घेतलं. जिवंत व्हता थोडा... मग त्याला तितंच ठिवून निघालो. देवीचं ग्रुपवर पयलं मीच टाकलं, अण्णासाठी.” फोनमध्ये त्याचा श्वास ऐकू येत होता. “आज सकाळी पोलीस ठाण्यात जाऊन सांगून आलो. घरचे घरात घेत न्हाईत. आता तू लिही. आत्याचं लिही, सर्जाचं लिही. अन् कुणी पाटी लावली, तर खाली माजं नाव घाल.”