कापडी पाकटाची पिल्लं

प्रभाताई गेल्याचं त्यांची भाची सांगायला आली तेव्हा मी मशीनवर होते. शाळेच्या गणवेशाचा परकर अर्धा शिवून झाला होता. ती दारातच उभी राहून म्हणाली, "मावशी, पहाटे गेली हो..." मी बराच वेळ पायडलवरचा पाय काढलाच नाही. त्याला आता दीड महिना होत आला.

नाशिकला आमची घरं भिंतीला भिंत लागून. त्या कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवायच्या, मी मुलींच्या शाळेत शिवण. आम्ही सुकट-बोंबील खाणारी माणसं. समुद्र म्हणजे माझ्यासाठी बाजारातल्या सुकटवालीच्या टोपलीचा वास, बाकी काही नाही. प्रभाताई मात्र सुट्टी लागली की जव्हारच्या घाटातून एसटीने डहाणूच्या बाजूला एका कोळीवाड्यात जायच्या आणि प्रयोगशाळेसाठी बरण्यांतून मासे घेऊन यायच्या. एका मे महिन्यात बरण्या रिकाम्याच परत आल्या. चेहरा उतरलेला. मी चहा पुढे केला, तर म्हणाल्या, "शकू, मला कापडाचा एक पाकट शिवून दे."

पाकट म्हणजे थाळीसारखा चपटा, चाबकासारख्या शेपटीचा मासा. त्यांच्यासमोर जाळं ओढलं होतं आणि त्यात एक पोटुशी मादी आली होती. जाळ्यात सापडली की भीतीने तिचा गर्भ गळतो म्हणे. वाळूवर तिची अर्धीमुर्धी पिल्लं पडली आणि कुणी त्यांच्याकडे पाहिलंसुद्धा नाही. "इतर मासे अंड्यांचे ढीग घालतात गं. ही मात्र पिल्लं घालते, तीही मोजकीच. ती पिल्लं वयात यायला कितीतरी वर्षं लागतात. व्यायला किनाऱ्याजवळ उथळ पाण्यात येते, आणि तिथेच जाळी!" मी कपाटातून यांची जुनी तपकिरी पँट काढली.

बाप रे, काय छळलं मला त्या माशाने! पाठ तपकिरी, पोट पांढरं. डोळे वर, तोंड मात्र खाली. मी म्हटलं, "हे कसलं ध्यान?" शेपटीला काटा हवाच. पोटाला टिचबटणं लावून आत चार पिल्लं. सगळं झालं तरी बाईंचं समाधान नाही. डोळ्यांमागे दोन भोकं हवीत. "वाळूत अंग पुरून बसतो तो. तोंडाने पाणी ओढलं तर वाळूच जाईल ना आत? श्वास या भोकांतून." मग मी तिथे शर्टाला करतात तशी दोन काजं केली. तेव्हा कुठे हसल्या.

त्या दिवाळीत मीही बरोबर गेले. किनाऱ्यावर मासळी निवडत बसलेल्या बायकांपुढे प्रभाताईंनी पिशवीतून पाकट काढला, टिचबटणं उघडली आणि पिल्लं वाळूवर पडली. काय हसल्या सगळ्या! पार्वती नावाची एक होती, तिच्या घरची होडी. ती म्हणाली, "बाय, आमचं पोट काय या चिंध्यांनी भरायचं?" प्रभाताई शांत. "पोटुशी तेवढी सोडा, एवढंच म्हणते. जो सोडेल त्याच्या घरी यातलं एक पिल्लू." पार्वतीची सासू तेवढी हसली नाही. तिच्या लहानपणी दाराला टेकवून ठेवावेत एवढाले पाकट यायचे, आता ते बघायलाही मिळत नाहीत, असं ती म्हणाली आणि पुन्हा मासळी निवडू लागली.

चारही पिल्लं पिशवीतून परत आली. मी वैतागले होते. "ताई, लोक हसतात तुम्हाला."

"हसू दे. लक्षात तरी राहील."

पुढच्या खेपेला मात्र पिशवीत तीनच पिल्लं होती! पार्वतीची लेक बाळंतपणाला माहेरी आलेली, आणि नेमकी तेव्हाच तशी मादी जाळ्यात आली. पार्वतीने ती नवऱ्याला समुद्रात सोडायला लावली. कापडी पिल्लू नातीच्या पाळण्यावर बांधलं. हे सांगताना प्रभाताई अंगणात अक्षरशः नाचल्या. मी आपली शंकेखोर. म्हटलं, "खेळणं मिळावं म्हणून थापही मारतील." तर म्हणाल्या, "मारू देत. थाप मारायला तरी पोटुशी कुठली ते ओळखावं लागेल ना?"

तेव्हापासून सुट्टी जवळ आली की भिंतीपलीकडून हाक यायची, "शकू, पिल्लं?" एखाद्या वर्षी सगळी संपायची, एखाद्या वर्षी एकही नाही, मग दोन दिवस बाई कुणाशी बोलायच्या नाहीत. दवाखान्यात शेवटची भेटले तेव्हाही तेच. आवाज जेमतेम फुटत होता... "किती झाली शिवून?" मी रागावले, "आधी बऱ्या व्हा!" "काटा विसरू नकोस," म्हणाल्या.

परवा दुपारी दार वाजलं. पार्वती! बातमी कळली तशी एवढा घाट चढून, पत्ता विचारत आलेली. बरोबर ती पाळण्यातली नात, आता परकरातली. पार्वती प्रभाताईंच्या बंद दाराकडे बघत पायरीवर बसली आणि पदर डोळ्यांना लावला. नातीच्या हातात ते जुनं पिल्लू होतं. शेपूट चघळून चघळून पांढरी झालेली, पोट उसवलेलं. पार्वती म्हणाली, "औंदा जावयाने दोन सोडल्या. मी स्वतः बघितल्या पाण्यात जाताना. पण बाय तर गेली... आता पिल्लं कोण देणार?"

तपकिरी कापड संपलं होतं. कपाटात प्रभाताईंची कॉफी रंगाची साडी होती, आठवण म्हणून भाचीने दिलेली. तिला कात्री लावताना मला रडू आवरेना. पार्वतीने त्या साडीच्या पदराचं टोक धरून ठेवलं. चहा निवून गेला. मी उसवलेलं पोट टाचून दिलं, दोन नवी पिल्लं शिवली, काटे लावले. ती घेऊन नात पायऱ्या उतरलीसुद्धा. मी तिला हाक मारून परत बोलावलं. डोळ्यांमागची काजं राहिली होती.