आधी तिचा घास

जेवायला बसलं की काका पोळीचा पहिला तुकडा मोडून ताटाबाहेर ठेवत आणि म्हणत, "आधी तिचा."

तुम्हालाही वाटेल, गाईचा घास. मलाही तसंच वाटलं होतं. इकडे परदेशात, मरीन परेडच्या आमच्या कॉन्डोत, म्हणजे सोसायटीत, समोरच्या फ्लॅटमध्ये ते मुलाकडे राहायला आले, तेव्हा "काका, कॉन्डोत गाय कुठून आणायची?" अशी मी थट्टाही केली.

"गाय नाही गं. कुत्री. रशियाची."

काका लहान असताना एका संध्याकाळी मास्तरांनी सगळी शाळा मैदानात उभी केली होती. आभाळातून एक ठिपका सरकत आला. मास्तर म्हणाले, "हा उपग्रह रशियाने सोडलाय. आत एक कुत्री बसली आहे." माणसाने घडवलेली वस्तू चांदण्यांमधून चालली होती! पोरांना काय करावं सुचेना. त्यांनी माना वर करून हाका मारल्या, "यू यू! यू यू!"

हे सांगताना काकांच्या अंगावर काटा यायचा. ऐकताना माझ्याही आला, आणि मी तर मंगळाचे फोटो जांभई देत बघणारी बाई.

"तिला परत आणायची सोयच नव्हती, हे मागून कळलं. मी जेवेना. आई म्हणाली, तिचा घास काढ, मग जेव."

तो घास काका इथे बाल्कनीत ठेवू लागले. साळुंक्या जमल्या आणि कॉन्डोच्या ऑफिसातून तंबी आली. मुलगा वैतागला, "बाबा, बंद करा हे. दंड होईल." तेव्हापासून तुकडा ताटाच्या कडेलाच राहायचा. काका हिरमुसले. "माझ्यामागे तिचा घास कोण काढणार गं?" एवढीच त्यांना काळजी. नात इथल्या पोरांच्या 'लाह' लावायच्या बोलीत म्हणायची, "आजोबा, शी इज डेड ऑलरेडी लाह."

"म्हणून तर काढायचा," काका म्हणत.

ईस्ट कोस्टच्या किनाऱ्यावर फिरताना कधी अंतराळस्थानक डोक्यावरून जायचं. काका टोपी काढून उभे राहत. "आत माणसं आहेत. आणि ती घरी परत येतात, बघ!" मीही मग शेजारी मान वर करून उभी राहायची. त्यांच्यासोबत पाहिलेलं आभाळ फार मोठं वाटायचं.

काका गेले. त्यानंतर बऱ्याच दिवसांनी, मागच्या रविवारी, आम्ही दोन्ही घरं हॉकर सेंटरला, इथल्या खाऊगल्लीत, जेवायला गेलो. नातीने गरम पराठ्याचा तुकडा मोडला आणि बशीच्या कडेला ठेवला.

"आजोबांसाठी?" मी विचारलं.

"नो लाह, आंटी. आजोबा कॅन वेट," ती म्हणाली. "आधी तिचा."