ग्रंथालयाची हरवलेली फाइल

या प्रकरणाची आठवण निघाली की मला आजही आधी चीड येते. नोकरीत खून पाहिले, दरोडे पाहिले. पण एक निरपराध माणूस निव्वळ कागदाच्या गोंधळापायी नऊ दिवस जास्त तुरुंगात राहिला, तो याच प्रकरणात.

मी तेव्हा बिदर जिल्ह्यातल्या एका ठाण्यात पीएसआय होते. लग्नाचं शूटिंग कॅसेट सोडून नुकतंच मेमरी कार्डावर आलं होतं. कमठाण्याच्या शिवारात भरदुपारी एका शेतकऱ्याच्या डोक्यात मागून काठी बसली. एक वाजता तो भावाशी मोबाइलवर बोलला होता आणि सव्वा वाजता बांधावर पडलेला सापडला. दवाखान्यात शुद्धीवर आल्यावर त्यानं शेजारच्या शेतकऱ्याचं नाव सांगितलं. मारणाऱ्याला त्यानं पाहिलं नव्हतं, पण दोघांचं बांधावरून जुनं भांडण होतं. तेवढं त्याला पुरलं आणि आम्हालाही. खुनाच्या प्रयत्नाचं कलम लागलं, आरोपी न्यायालयीन कोठडीत गेला.

आरोपी एकच सांगत होता: त्या वेळी मी मन्नाएखेळ्ळीला लग्नाच्या पंगतीत हुग्गी वाढत होतो. हुग्गी म्हणजे आमच्याकडची गव्हाची खीर. मी जेवून गेलेल्या वीस-पंचवीस जणांना विचारलं. एकालाही त्याचा चेहरा आठवेना. पंगतीत बसलेला माणूस वाढणाऱ्याच्या बादलीकडे बघतो, तोंडाकडे बघत नाही. आरोपीची बायको रोज सकाळी ठाण्याच्या व्हरांड्यात येऊन बसायची. "मॅडम, कामून धरलाव त्यांना? ते वाढायलते तिथं," एवढंच म्हणायची.

मग ठाण्यात एक फोन आला. लग्नाचा व्हिडिओ बघा, पंगतीचं शूटिंग झालंय, असं तो माणूस म्हणाला आणि मी नाव विचारताच त्यानं फोन ठेवला. आमच्याकडे माहिती देणारे असेच.

नवरीच्या वडिलांकडून लग्नाची सीडी आणली. पूर्ण पंगत दोनदा पाहिली. आरोपी कुठंच नव्हता. आमच्या लेखनिक हेड कॉन्स्टेबलनं वही मिटलीसुद्धा. पण माझी नजर पंगतीतल्या जेवणाच्या पानांवर गेली. प्रत्येक पानावर जिलेबी होती. मुलीच्या वडिलांना विचारलं, तर गोड म्हणून फक्त हुग्गीच केली होती म्हणाले. आपल्याच लेकीच्या लग्नाची पंगत त्यांनी सीडीवर अजून पाहिली नव्हती.

शूटिंग करणाऱ्या स्टुडिओवाल्याला ठाण्यात बोलावलं. पहिला तासभर त्यानं कॅमेऱ्याची थोरवी सांगितली. मग मी जिलेबीचं नाव काढलं.

"दुसऱ्याची पंगत कामून घातलास?"

"मॅडम, पंगत कोण बघायलंय? नवरा-नवरी बघतात अन् बंद करतात."

खरी पंगत कुठं आहे, तर त्याच्या कॉम्प्युटरवर, बिघडलेल्या फाइलीत. बॅटरी संपल्यामुळे त्यानं कॅमेरा थेट विजेवर लावला होता. मध्येच लाइट गेली, कॅमेरा बंद पडला आणि फाइल नीट बंदच झाली नाही. बिघडलेले व्हिडिओ दुरुस्त करणारं सॉफ्टवेअर त्याच्याकडे होतं, कुठल्याशा कॉपी केलेल्या सीडीवरून घेतलेलं. ते चालू केलं की स्क्रीनवर एकच पाटी यायची: अमुक लायब्ररी फाइल सापडत नाही. पंचनामा करून हार्ड डिस्क जप्त केली आणि ती पाटी त्याच्या जबाबात इंग्रजीत उतरवून घेतली.

इथून पुढचं सांगताना माझं डोकं अजून तापतं.

तज्ज्ञाची मदत मागणारं पत्र वरच्या कार्यालयाला पाठवायचं होतं. आमचा सगळा कारभार कन्नडमध्ये. लेखनिकानं प्रामाणिकपणे भाषांतर केलं: ग्रंथालयद कडत. म्हणजे ग्रंथालयातली फाइल. ती न मिळाल्यानं पुरावा उघडत नाही, असं पत्र गेलं. वरून ते थेट जिल्ह्याच्या ग्रंथालयाकडे गेलं. ग्रंथपाल बिचारे सरळ माणूस. त्यांनी सगळी कपाटं तपासली आणि आमच्याकडून कोणतीही फाइल बाहेर गेलेली नाही, असं सही-शिक्क्यानिशी कळवलं. त्यावर वरून मला विचारणा आली की फाइल चोरीला गेली असेल तर गुन्हा का नोंदवला नाही.

मी लेखनिकाला समोर उभं केलं.

"मॅडम, डिक्शनरीत बघून लिहिलंय," तो म्हणाला. "लायब्ररी म्हणजे ग्रंथालय, फाइल म्हणजे कडत. चुकलं कुठं?"

शब्दाला शब्द धरला तर काहीच चुकलं नव्हतं. पण तोवर नऊ दिवस गेले होते.

शेवटी मी पत्रव्यवहार बाजूला ठेवला आणि वरिष्ठांची तोंडी परवानगी घेऊन हार्ड डिस्कची नक्कल बिदरच्या एका कॉलेजात कॉम्प्युटर शिकवणाऱ्या बाईंकडे नेली. त्यांनी मला नीट समजावलं. अशी लायब्ररी म्हणजे हत्यारांची सामायिक पेटी. चित्र कसं उलगडायचं, आवाज कसा जोडायचा, याची रीत त्या फाइलीत असते आणि सॉफ्टवेअर ती तिथून उसनी घेतं. त्यांनी योग्य ती फाइल घातली. त्याच कॅमेऱ्याची एक चांगली फाइल मागितली, म्हणून अक्षतांचं शूटिंग दिलं. चांगल्या फाइलीवरून बिघडलेल्या फाइलीची जुळणी झाली. सगळं काम अर्ध्या तासाचं.

चित्र फुटत होतं, चेहरे चौकटी-चौकटींचे झाले होते. शेवटी शेवटी एक हात दिसला. करंगळी अर्धी तुटलेली, मुठीत हुग्गीची पळी. आवाज मात्र स्वच्छ होता: "अप्पा, आजून घ्या की." आणि काळोख.

तो काळोखच कामी आला. कॅमेऱ्याच्या घड्याळावर माझा विश्वास नव्हता, पण लाइट गेल्याची वेळ विजेच्या उपकेंद्रातल्या नोंदवहीत होती: एक वाजून दहा मिनिटं. आरोपीची करंगळी कडबा कापायच्या यंत्रात गेलेली, ते अटकेच्या वेळच्या अंगावरच्या खुणांत आम्हीच लिहिलं होतं. कमठाणा ते मन्नाएखेळ्ळी मोटारसायकलनं गेलं तरी अर्ध्या तासात होत नाही. फाइल ज्या क्षणी मोडली, त्याच क्षणानं तो सुटला. कोर्टात अहवाल दिला. पुढे खरा मारणाराही सापडला, जखमी माणसाच्या ओळखीतलाच.

या प्रकरणानं मला दोन गोष्टी शिकवल्या. आरोपीची बाजू खोटी ठरवणारा पुरावा हाती आला की तोच जास्त कसून तपासावा. आणि चीड दुसऱ्यावर काढण्याआधी कागदाच्या तळाशी बघावं. 'ग्रंथालयातली फाइल' म्हणणाऱ्या आमच्या त्या पत्रावर लेखनिकाची सही नव्हती. माझी होती.

नवऱ्याचं सामान न्यायला आरोपीची बायको ठाण्यात आली, तेव्हा तिनं विचारलंच. "खरं सापडलं व्हतं, तर इतके दिवस कामून लागले?"

मी म्हटलं, "एका कागदावर मी न वाचता सही केली."

तिनं सामानाच्या पावतीवर अंगठा उठवायला हात पुढं केला होता, तो मागं घेतला.

"मला तर वाचायला येत न्हाई," ती म्हणाली. "म्हणून अंगठा द्यायच्या आधी इचारते. यात काय लिवलाव, सांगा."

मी पावती हातात घेतली आणि तिला पहिल्या ओळीपासून वाचून दाखवली.