लारावहिनीला आत्या व्हायचं होतं

आमची लारावहिनी गेली. मागच्या थंडीत, सकाळी चहा ठेवता ठेवता गेली. गॅस दादानं बंद केला. लोक अजून भेटायला येऊन राहिले अन् म्हणतात, ती रशियन हिरोईन होती ना तुमच्याकडे? हिरोईन नव्हती हो. नटी होती. हिरोईन म्हटलं की तिला राग यायचा. म्हणायची, हिरोईन पोस्टरवर असते, मी स्टेजवर असते.

मी तिची नणंद, राजश्री. गुणवंतदादा माझा मोठा भाऊ. दादा डिफेन्सच्या फॅक्टरीत होता. नवीन मशिनी येणार होत्या म्हणून त्याला शिकायला रशियात पाठवलं, तेव्हा तो देश एकच होता, तुकडे नव्हते झाले. तिकडं व्होल्गा म्हणून नदी आहे. दादा म्हणतो, आपली नर्मदा तिच्यापुढं लहान. आई म्हणायची, खोटं बोलतो मेला. त्या नदीकाठच्या गावात नाटकाचं थिएटर होतं, रोज नाटक, नटांना महिन्याला पगार, जसा आपल्याकडं रेल्वेत असतो. तिथं लारा काम करायची. कधी मोलकरीण, कधी धाकटी बहीण. दोन पिक्चरमध्येपण होती. एकात स्टेशनवर रुमाल हलवत उभी राहते, अन् दुसऱ्यात डॉक्टरीण आहे, त्यात बोलते थोडं. दादा तिचं एकच नाटक परत परत पाहायला जायचा. भाषा येत नव्हती. मी विचारलं, मग समजत काय होतं रे तुला? म्हणे, ती रडली की मला रडू यायचं, बस.

लग्न करून घेऊन आला. राइट टाउनच्या आमच्या घरात आली तेव्हा सगळी गल्ली दारात उभी. आईनं ओवाळलं, पण बोलली नाही. मग बोलायला लागली ती ओरडायलाच लागली. खरं सांगू, वहिनीला मराठी कोणी शिकवली नाही. आई ओरडायची अन् ही ते पाठ करायची. "काहून दूध उतू घालून राहिली?" आई म्हणाली की ही मोरीत जाऊन तेच म्हणायची, तसाच हात कमरेवर ठेवून. मी पाहून हसायची. दोन-चार वर्षांत भाजीवालाही घाबरायला लागला तिला.

पण नाटक तिच्या अंगातून गेलं नाही. आपलं मराठी मंडळ आहे नं, गणपतीत नाटक करतात, तिथं ती गेली. तेव्हा भय्यासाहेब नाटक बसवायचे, पोस्टातून रिटायर झालेले, आवाज असा की मागच्या खुर्चीतला माणूस जागा व्हायचा. त्यांनी वहिनीला पाहिलं अन् लगेच रोल दिला. गोरी मेम. डोक्यावर टोपी, हातात छत्री, "टुम काला आदमी" म्हणायचं. ती खुश झाली. पुढच्या वर्षी नर्स. मग परत मेम. मग चर्चची सिस्टर. एका वर्षी भूत केलं, म्हणे पावडरचा खर्च वाचला.

अशी किती वर्षं गेली. मेघना, तिची मुलगी, मोठी झाली, नोकरीला बंगलोरला गेली. वहिनीचे केस पिकले. एकदा पोहे निवडता निवडता मला म्हणाली, "राजू, मी इथं तुमच्यासारखी जेवते, तुमच्यासारखी भांडते. आईंचं शेवटचं सगळं मी केलं. मग स्टेजवर गेली की मी परत विमानातून उतरते. एकदा तरी मला घरातली बाई कर म्हणा त्यांना. एकदाच."

मी म्हटलं, "तूच म्हण नं."

म्हणे, "म्हटलं. ते म्हणाले, लाराबाई, प्रेक्षक हसतील."

मग ते आत्याचं नाटक आलं. त्यात एक आत्या दोन दिवसांसाठी भावाकडं येते अन् जातच नाही. सगळ्यांच्या मधे बोलते, सगळ्यांना वैताग देते, अन् शेवटी जेव्हा खरंच जाते तेव्हा घरच्यांना समजतं की आता घर कोण चालवणार. आत्या करणाऱ्या बाई ऐनवेळी मुलीच्या बाळंतपणाला पुण्याला निघून गेल्या. दुसरी कोणी मिळेना. वहिनी भय्यासाहेबांच्या पुढं जाऊन उभी राहिली अन् आत्याचा पहिला प्रवेश सगळाच्या सगळा म्हणून दाखवला. कमरेवर हात. मी चहाची किटली घेऊन उभी होती, मला वाटलं आईच आली. भय्यासाहेब दाढी खाजवत राहिले. मग म्हणाले, "ळ सुधरवा. ळ नाही आला तर रोल गेला."

घरी आल्यावर स्वयंपाकघरात नुसतं बाळ, केळं, काळं, गुळाचा गोळा. दादा म्हणे, "लारा, आता मला स्वप्नात केळी येतात." ती म्हणे, "गप्प रे खुळ्या!" अन् स्वतःच टाळी वाजवली, कारण तो ळ बरोबर आला होता.

आता ऐका काय झालं ते.

मंडळात रीत आहे, नाटकाचा मुहूर्त करतात. नारळ फोडतात अन् नाटकाची वही पाटावर ठेवून तिची पूजा करतात, हळद-कुंकू वाहतात. मग प्रत्येकाला आपापली पानं देतात, तीपण कुंकू लावून. मुहूर्त छान झाला. दुसऱ्या तालमीला वहिनी खुर्चीवरून उठली अन् तिच्या हातातली पानं निसटली. पडली जमिनीवर, पसरली. आपल्याकडं काय करतात? उचलायची, कपाळाला लावायची, चूक झाली म्हणायचं. सगळे वाकले उचलायला. तर वहिनी ओरडली, "हात नका लावू!" अन् सगळ्यांना बाजूला सारून, धप्पकन त्या पानांवर बसली. कुंकू लावलेल्या पानांवर!

सगळे वाकलेले ते तसेच राहिले. पंखा तेवढा फिरून राहिला होता.

भय्यासाहेब म्हणाले, "उठा."

"एक मिनिट."

"आधी उठा म्हणतो!"

ती बसलेलीच राहिली थोडा वेळ. मग पानं ओढून काढली अन् उठली, पण साडीला मागं कुंकू लागलं होतं, ते सगळ्यांना दिसलं. भय्यासाहेबांचा चेहरा असा झाला जसं देवघरात कोणी चप्पल घालून आलं. म्हणाले, "सरस्वतीवर बसली ही बाई. ज्यांना हे समजत नाही त्यांनी आमच्या घरची आत्या करू नये. चलो, तालीम बंद." रोल गेला.

मीपण रागावली होती. रस्त्यात ऑटोत म्हटलं तिला, "वहिनी, कागदाला पाय लागला तर आपण पाया पडतो अन् तू बूड टेकलं!"

ती रडली नाही. म्हणाली, "राजू, आमच्याकडं नटाच्या हातातून रोल पडला तर तो पळून जातो. दुसऱ्याला मिळतो. म्हणून उचलायच्या आधी त्याच्यावर बसायचं, म्हणजे तो राहतो. सगळे बसतात, म्हातारे मोठे नटपण बसतात. मी पोरगी होती तेव्हापासून बसते. मला माहीत आहे नं कागद म्हणजे सरस्वती. इतकी वर्षं मीपण कपाळाला लावते. पण आज माझं बूड आधी बसलं, डोकं मागून आलं."

ऑटोवाला आरशात पाहून राहिला होता. मी हसू का रडू.

घरी येऊन तिनं जेवण केलं, पण ळ काही म्हटला नाही. ती शांतता मला सहन होईना. दुसऱ्या दिवशी मी म्हटलं, चल. कमानिया गेटच्या मागच्या गल्लीत भय्यासाहेबांचं घर, खाली बांगड्यांची दुकानं, वर ते. दार हेमलताकाकूंनी उघडलं, भय्यासाहेबांच्या बायको. आम्हाला बसवलं, लाडू दिले. भय्यासाहेब पेपर वाचत होते, पेपर खाली केला नाही.

वहिनी म्हणाली, "मी रोल मागायला नाही आली. नाटकाच्या वहीची माफी मागायला आली. वही द्या, मी पाया पडते."

भय्यासाहेबांनी वही आणली. ती पाया पडली, कपाळ टेकवलं. मग काहून बसली होती ते सांगितलं, मला सांगितलं होतं तसंच.

भय्यासाहेब म्हणाले, "हा अंधविश्वास आहे."

आतून हेमलताकाकू बाहेर आल्या. हातात लाटणं. "अच्छा? अन् तुमची ती बंडी?"

"ती गोष्ट वेगळी."

"वेगळी कशी? पहिल्या नाटकाच्या दिवशी घातली होती, तेव्हापासून दर नाटकाला तीच. धुवू देत नाही मला. धुतली तर म्हणे नाटक पडतं. वेगळी आहे खरी, वासावरून समजते."

"हेमलता!"

"राजश्री, तू सांग. कपाटात ठेवली की माझ्या पैठणीला वास येतो की नाही येणार?"

मी लाडू खाऊन राहिली होती.

वहिनी हसली नाही. एवढं होऊनही हसली नाही. भय्यासाहेबांकडं पाहत म्हणाली, "तुम्ही घाबरता म्हणून धूत नाही. मी घाबरली म्हणून बसली. एवढा रोल मला परत नाही मिळणार, मी म्हातारी झाली."

भय्यासाहेबांनी पेपरची घडी केली, परत उघडली, परत केली. मग काकूंनाच विचारलं, "बरं, पण पानं परत पडली तर? ही परत बसणार."

"बसणार," वहिनी म्हणाली. "खोटं काय बोलू, माझं अंगच बसतं."

काकू म्हणाल्या, "मग बसू दे नं. जमिनीवर बस बाई, पानं उचल, कपाळाला लाव, अन् मांडीवर घे. बुडाखाली नको घेऊ, मांडीवर घे."

वहिनीनं खूप विचार केला. "मांडीवर घेतलं तर पळणार नाही?"

"मांडीवरून पोर पळतं का? झोपतं."

भय्यासाहेब खाकरले. म्हणाले, "उद्या तालीम सहाला. उशीर नको." झालं. अन् जिन्यावरून आम्ही उतरत होतो तर वरून ओरडले, "अन् तो ळ!"

गणपतीतला तो प्रयोग मी विंगमधून पाहिला. हॉल भरलेला, मागं लोक उभे. वहिनीला नऊवारी मी नेसवली होती, केसांचा अंबाडा, मोठं कुंकू. पडदा उघडल्यावर पुढच्या रांगेत कुजबुज झाली, अगं ती रशियन... मग तिनं कमरेवर हात ठेवला अन् म्हणाली, "काहून रे, पाहुणी आली तर पाणी विचारायची पद्धत गेली का तुमच्याकडं?" जो हशा झाला! भय्यासाहेब ज्याला घाबरत होते तो हा हशा नव्हता, लोक आत्यावर हसून राहिले होते. त्यानंतर कोणी कुजबुजलं नाही.

शेवटच्या प्रवेशात आत्या पिशवी घेऊन निघते. कोणाला सांगत नाही. दाराशी थांबते, चपला घालते. हॉलमध्ये एवढं शांत की बाहेरची आरतीची घंटा ऐकू येत होती. अन् पुढच्या रांगेतून एक म्हातारी मोठ्यानं म्हणाली, "नका जाऊ हो."

वहिनी वळली. नाटकात वळायचं नव्हतं. त्या म्हातारीकडं पाहिलं, पदर सारखा केला, अन् मग गेली. विंगमध्ये आली तर भय्यासाहेब डोळे पुसून राहिले होते अन् वरून ओरडून राहिले होते, "वळल्या काहून? कोणी सांगितलं होतं वळायला?" वहिनी म्हणाली, "बोलावलं नं तिनं."

त्याच्यानंतर तिला कोणी टोपी घातली नाही. आत्या केली, मावशी केली, एकदा कजाग सासू. दोन वर्षांमागं बरगीकडं शूटिंग करायला मुंबईचे लोक आले होते, त्यांनी तिला टूरिस्टचं काम सांगितलं, कॅमेरा गळ्यात घालून धरण पाहायचं. ती म्हणाली, "टूरिस्ट मी नाही, दुसरं काही असेल तर बोलवा." दादा म्हणे, गेला चान्स. पण बोलवलं त्यांनी. मास्तरच्या म्हाताऱ्या आईचं काम दिलं, अंगणात वाल सोलत बसते अन् मुलाला रागावते, हिंदीत. शूटिंगच्या मुलांना तिनं सोललेले वाल घरी न्यायला लावले, म्हणे फेकायचे नाही. पिक्चर अजून आला नाही. येणार आहे म्हणतात. आम्ही सगळे जाणार आहोत, मेघना बंगलोरहून येणार, तिनं आताच सांगून ठेवलं.

मंडळानं शोकसभा ठेवली तेव्हा सेक्रेटरी अनुपमनं माझ्याजवळ फोटो मागितला. दादा म्हणाला, तूच दे, मला पाहवत नाही. कपाटात रशियातले फोटो होते, मोठमोठे, फर घातलेले, एकदम सुंदर. मंडळातल्या गोऱ्या मेमचेपण होते. मी ते सगळे परत ठेवले अन् आत्याचा दिला. नऊवारीतला, हातात पिशवी.

सभेला आम्ही थोडे लवकर गेलो. फोटोला हार घातलेला, समई लावलेली. मंडळात नवीन आलेले एक अंबादासजी आहेत, इन्कम टॅक्समध्ये, बदली होऊन आले. ते खुर्च्या मांडता मांडता फोटोपुढं थांबले. मग माझ्याजवळ आले, हळूच म्हणाले, "ताई, जरा गडबड झाली आहे. सभा त्या रशियन बाईंची आहे नं? इथं कोणाच्या तरी आत्याबाईंचा फोटो लागला आहे. लोक यायच्या आधी बदलून घेऊ का?"

मी दादाकडं पाहिलं. त्यानं ऐकलं होतं. वहिनी गेल्यापासून पहिल्यांदा तो हसला, अन् हसता हसता त्याला खोकला आला, अंबादासजी बिचारे पाणी आणायला धावले. पाणी पिऊन दादा त्यांना म्हणाला, "बदलू नका साहेब. बसा इथं. माझी बायको आहे ती."

अन् मग लोक येईपर्यंत दादा त्यांना सांगत बसला.