शनिवारचा फोन

रिबकामावशींनी "दिवा लाव" असं मला कधी म्हटलं नाही. शुक्रवारी सूर्य मावळला की शनिवारच्या रात्रीपर्यंत त्या विजेच्या बटणाला, शेगडीला, फोनला हात लावत नसत. दुसऱ्याला सांगणंही वर्ज्य. अमेरिकेत, पार्सिपनीत मी त्यांच्या वरच्या मजल्यावर राहायचे. खाली गेले की त्या नुसत्या म्हणायच्या, "काळोख झालाय गो." मग बटण मी दाबायचं. "सांगितलं तर पाप माझं. आपणहून केलंस तर माया तुझी," हा त्यांचा कायदा.

मावशी बेने इस्रायली, म्हणजे कोकणातल्या मराठी यहुदी, मूळच्या अलिबागच्या. लग्नानंतर इस्रायलला, दिमोनाला गेल्या आणि म्हातारपणी लेकीकडे इथे आल्या. "शनवारी तेलाचा घाणा बंद, म्हणून अलिबागेस आम्ही शनवार तेली, दिमोनात हिंदी, हितं इंडियन. नुसती यहुदी कवा म्हणणार गो मला?" असं हसत विचारायच्या, पण ते त्यांना लागलेलं होतं. दिमोनातल्या इमारतीत त्यांच्या समोर मोरोक्कोची बाई राहायची. तिच्याशी मसाल्यांची देवघेव चाले. वरच्या मजल्यावरच्या रशियन लुडमिलाशी मात्र पंधरा वर्षं वाकडं. "शनवारी रेडिओ लावते, डुक्कर शिजवते. कसली ती यहुदीण!"

एका उन्हाळ्यात तिकडे लढाई पेटली. मावशींचा दिमोनातला नातू दानी आघाडीवर होता. शनिवारी सकाळी लेक प्रार्थनेला गेली म्हणून मी मावशींजवळ बसले होते, तेवढ्यात फोन वाजला. त्यांच्या माणसांपैकी शनिवारी फोन करणारं कुणीच नव्हतं. मावशींनी दोन्ही हात मांडीत घट्ट धरले. फोन थांबला, पुन्हा वाजला. भिंतीकडे बघत त्या म्हणाल्या, "वाजतोय गो."

मी उचलला. "लुडमिला. दानी हॉस्पिटल. लेग ब्रोकन. ओके, ओके! टेल ग्रँडमा." घरचे सगळे इस्पितळात होते आणि शनिवार मोडून कळवणारी ती एकटीच होती. मी सांगितलं तशा मावशी हमसून रडल्या. "मी तिला काय काय बोलले गो," एवढंच म्हणत राहिल्या.

दानी घरी आल्याचं कळल्यावर मावशींनी नवसाचा मलिदा केला. गूळखोबरं घातलेले पोहे, पाच फळं. पहिला वाटा वेगळा काढत म्हणाल्या, "हा वरच्या मजल्याचा." मी हात पुढे केला.

"तुझा नाय गो. दिमोनातल्या."

पुढच्या वर्षी त्या दिमोनाला परत गेल्या. त्यानंतरच्या हिवाळ्यात, बाहेर बर्फ पडत असताना, शनिवारी सकाळी माझा फोन वाजला. नंबर तिकडचा होता. शनिवारी तिकडून फोन करणारं माणूस एकच, लुडमिला. मी हात मांडीत धरून बसून राहिले. "वाजतोय गो," म्हणायला आता कुणी नव्हतं. शेवटी आपणहूनच उचलला.